बत्तीस घरांचं कोरड्यास

माघ वद्य पंचमी, शुक्रवार, सूर्य डोक्यावर. स्थळ : मेहकरहून लोणारकडे जाणाऱ्या कच्च्या रस्त्यावरचं आमचं गाव, गावाबाहेरची आमची आमराई. हजर : बुलढाण्याहून दौऱ्यावर आलेले डिप्टी कमिशनर साहेब (इंग्रज, उंच, भुकेले), मोठे बाबा, म्हणजे माझ्या वडिलांचे थोरले भाऊ, गावचे देशमुख (नवा फेटा, जुना दमा), माझे वडील अण्णा (दुभाषी), मोठी आई, म्हणजे मोठ्या बाबांची बायको (झाडामागे, पदर तोंडावर, नजर कढईवर), देऊळघाटचे खानसामा रहीमचाचा, हंगेरी नावाच्या देशातून आलेले इस्तवान साहेब, आणि मी, कुसुम, वय दहा, हातात वही. गैरहजर : महादू ढोरकी, ज्याच्या भाकरीचा निकाल त्या दिवशी लागायचा होता. सालाची नोंद सापडत नाही, कारण वहीचं पहिलं पान वाळवीने खाल्लं. वऱ्हाड तेव्हा मध्यप्रांताच्या शेपटीला बांधलेला होता आणि आमच्याकडची प्रतिष्ठित माणसं नागपूरकडे तोंड करून वाकत असत, एवढी खूण पुरे.

ढोरकी म्हणजे गावाची गुरं चारणारा. सकाळी सगळ्या घरांची ढोरं आखरावर, म्हणजे गावाच्या कडेच्या मोकळ्या जागेवर, जमत. महादू ती रानात नेई आणि दिवस मावळता परत आणी. प्रत्येक गाय आपलं घर ओळखून वळे. माणसांच्या बाबतीत तसं छातीठोक सांगता येत नसे. महादूचा करार दर पाडव्याला नवा होई. वर्षाची ज्वारी ठरलेली, आणि रोज संध्याकाळी ज्यांची ढोरं त्या बत्तीस घरांतून एकेक भाकर आणि थोडं कोरड्यास. भाकरीसोबत जे काही पातळ-सातळ असेल त्याला आमच्याकडे कोरड्यास म्हणतात. महादूची बायको गंगाबाई एका हातात टोपली आणि दुसऱ्या हातात जर्मनचा गंज, म्हणजे उभं पातेलं, घेऊन दारोदार फिरे. उंबऱ्याबाहेर उभी राहून हाक मारी, "भाकर आना वं माय, ढोरकीन आली!" मग वरून टोपलीत भाकर पडे आणि गंजात पळीभर काहीतरी. कुणाकडचं वरण, कुणाकडचं बेसन लावलेलं आलन, अंबाडीची भाजी, हिवाळ्यात तुरीच्या सोल्यांची, मुगवड्यांची, एखाद्या घरची आंबलेली कढीसुद्धा. सगळं एकाच गंजात. घरी जाऊन गंगाबाई त्यावर लसूण ठेचून टाकी आणि पुन्हा एक कढ आणी. बत्तीस बायकांनी एकमेकींच्या स्वयंपाकाला ठेवलेली नावं त्या गंजात विरघळून जात. मी ते लपून दोनदा खाल्लं होतं, आणि ही कबुली मी आज पहिल्यांदा देते आहे.

पौषात मोठ्या बाबांची तांबडी कालवड परत आली नाही. दुसऱ्या दिवशी महादू तिच्या गळ्यातली घाटी घेऊन आला. म्हणाला, "मालक, नाल्यात बिबट्यानं नेली. म्या धावलो, पन गोट्यानं काय होते त्याचं?" मोठ्या बाबांनी घाटी हातात घेऊन वाजवून पाहिली, जणू तीच साक्ष देणार होती. "बिबट्यानं कालवड खाल्ली अन् घाटी तुह्या हाती देल्ली? लय इमानदार बिबट्या हाय बे!" झालं. चार माणसं बसली, मोठे बाबा बोलले आणि बाकीच्या तिघांनी त्यांच्यासारखंच मत दिलं. पाडव्यापासून शेजारच्या गावचा ढोरकी ठेवायचा. तोवर महादूने ढोरं राखायची, कारण पाडव्यापर्यंत न्याय थांबू शकतो, ढोरं थांबू शकत नाहीत. मात्र त्याच संध्याकाळी आमच्या दारातून भाकर बंद झाली. आमचं दार बंद झालेलं पाहून शेजारचं झालं, मग त्याच्या शेजारचं. गावात मोठ्या बाबांच्या विचारांचा प्रसार असा भिंतीला भिंत लागून होत असे. माघ उजाडला तेव्हा गंगाबाईच्या गंजात अकरा घरांचं पडत होतं आणि घरात चार लेकरं होती. मी मोजलं होतं. मला मोजण्याची सवय तेव्हाच लागली, आणि पुढे सव्वीस वर्षं मुलींच्या वसतिगृहाची व्यवस्था त्याच सवयीवर निभावली.

अशात इस्तवान साहेब आले. लोणारचं ते गोल तळं आणि तिथले दगड पाहायला निघालेले. आमच्या गावाशी त्यांच्या दमणीचा, म्हणजे हलक्या बैलगाडीचा, आख मोडला. सुताराने दोन दिवसांत करतो म्हटलं, म्हणजे तीन आठवडे. साहेब आमच्या बैठकीत उतरले. गोरा माणूस आपल्या बैठकीत घोरतो आहे या आनंदाने मोठ्या बाबांचा दमा निम्मा झाला. यामागे एक कारण होतं आणि ते भिंतीवर टांगलेलं होतं. घराच्या दर्शनी भिंतीवर त्यांच्या नावाचा फळा होता. तो रंगवून घेताना त्यांनी नावाच्या आधी वीतभर जागा मोकळी सोडायला लावली होती. तिथे एक दिवस 'रावसाहेब' ही सरकारी पदवी बसायची होती. रंगाऱ्याला त्यांनी सांगून ठेवलं होतं की तोच पिवळा रंग डबीत राखून ठेव. रंग सुकला, रंगारी म्हातारा झाला, जागा मोकळीच होती. आता डिप्टी कमिशनर साहेब दौऱ्यावर येणार आणि त्यांना आपल्या घरी युरोपातला पाहुणा दिसणार! मोठ्या बाबांनी ठरवलं की साहेबांना असं काही खाऊ घालायचं, जे नागपूरच्या लाटसाहेबांच्या टेबलावरसुद्धा आलेलं नाही.

"इचार बे त्याले," त्यांनी अण्णांना फर्मावलं, "तुमच्या मुलखातलं राजेलोकाइचं खानं कोन्तं म्हनून."

अण्णा मॅट्रिकपर्यंत अमरावतीला शिकलेले. त्यांचं इंग्रजी आणि इस्तवान साहेबांचं इंग्रजी दोन्ही बाजूंनी लंगडत येई आणि वाटेत कुठेतरी एकमेकांना गाठी. साहेबांनी प्रश्न ऐकला, हसले आणि म्हणाले, राजांचं मला ठाऊक नाही, पण आमच्या देशाचं म्हणून जगात जे नाव सांगतात ते गुयाश. मग रोज सकाळी ओट्यावर चहा पिताना ते त्याची हकिकत थोडी थोडी सांगत, आणि मी वहीत लिहून घेई. त्यांच्या देशात म्हणे क्षितिजापर्यंत सपाट गवत. त्यावर करड्या रंगाची, लांब शिंगांची गुरं. ती हाकत हाकत परदेशांतल्या बाजारांपर्यंत पायी न्यायची, महिने महिने. नेणारी माणसं मांस कांद्याबरोबर आटवून, वाळवून, मेंढीच्या पोटाच्या पिशवीत भरून घेत. मुक्काम पडला की तीन काठ्यांना लोखंडी कढई टांगायची, पाणी टाकायचं, ते वाळलं मांस टाकायचं, पुन्हा ओलं कालवण तयार. मांस कशाचं, तर बैलाचं. हे अण्णांनी भाषांतर करताना चहाचा घोट घेऊन गिळून टाकलं, पण वहीत मी लिहिलं होतं आणि वही मोठ्या आईने वाचली. तिने अर्धा दिवस चूल पेटवली नाही. शेवटी इस्तवान साहेबच म्हणाले, "ज्या घरात राहतो त्या घरचं पाळावं. बोकड चालेल." पदार्थाने हा बदल निमूट सोसला. मोठ्या बाबांच्या योजनांत यापेक्षा पुष्कळ काही बदलून जात असे.

तिखटाची गोष्ट त्याहून मजेची. साहेब म्हणाले, त्या कालवणाचा लाल रंग मुळात नव्हताच. मिरची दूरच्या मुलखातून समुद्रावरून आली, तुर्कांच्या वाटेने त्यांच्याकडे पोचली, आणि आधी गरिबांनी वापरली, कारण काळी मिरी त्यांना परवडत नसे. बडे लोक नाक मुरडत. पुढे त्या बड्या लोकांचं व्हिएन्नाच्या बादशहाशी वाकडं आलं, तो त्यांच्यावर आपली भाषा लादू लागला, तेव्हा आम्ही वेगळे आहोत हे दाखवायला त्यांच्याजवळ स्वतःचं असं काही सापडेना. मग त्यांनी गुराख्यांचं खाणं उचलून आपल्या टेबलावर ठेवलं आणि सांगितलं, हे आमचं! "तुमची मिरचीसुद्धा तशीच बाहेरून आली," असं साहेब सहज बोलून गेले, तेव्हा मोठे बाबा चिडले. "सांग त्याले, मिरची इथं रामाच्या काळापासून हाय. नाहीतं वनवासात सीतामाय भाजीत काय टाकत होती?" अण्णांनी भाषांतर केलं : "माझे बंधू आपल्या ज्ञानाची प्रशंसा करतात." अण्णांचं सगळं आयुष्य अशा भाषांतरात गेलं होतं. भावाच्या प्रत्येक वाक्याला ते पदरची साखर घालून पुढे सरकवत. आणि गुयाश या शब्दाचा अर्थ काय, हे साहेबांनी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं, तेही अण्णांनी आपल्याजवळ ठेवून घेतलं. मोठ्या बाबांना फक्त 'बड्या लोकांच्या टेबलावर' एवढंच कळलं. त्यांनी लगेच अण्णांकडून जाड कागदावर वळणदार इंग्रजीत लिहवून घेतलं : हंगेरीचा शाही पदार्थ. मागच्या वर्षी नागपुरातल्या एका झकपक हॉटेलात मला हाच पदार्थ दिसला. मैद्याचा पांढरा रस्सा, वर कोथिंबीर. नाव मात्र शाही अक्षरांत होतं, त्यामुळे मोठ्या बाबांची आठवण झाली.

तर ती पंचमी. रहीमचाचा आदल्या दिवशीच देऊळघाटहून आले होते. गुऱ्हाळातली लहान लोखंडी कढई तीन बल्ल्यांना साखळीने टांगली. इस्तवान साहेब बाह्या सावरून कांदा परतायला बसले आणि रहीमचाचा शेजारी कमरेवर हात ठेवून उभे राहिले. पाहुणा चुकला की दुःखाने मान हलवत. "साहब, कांदा और लाल होने दो. जल्दी काहे की? बोकड तो भाग नहीं सकता अब." साहेबांनी देशाहून आणलेली लाल भुकटीची डबी उघडली आणि मुठीने तिखट टाकायला सुरुवात केली. एक मूठ, दोन, तीन. झाडामागे मोठ्या आईने छातीला हात लावला. मग साहेब पाणी आणायला वळले तशी ती पुढे आली, त्या भुकटीचं बोट चाटलं आणि रहीमचाचांना म्हणाली, "भाऊ, हा रंग पाह्यला तं कुंकवासारखा, अन् चव पाह्यली तं भुशासारखी! याले तिखट म्हंते का हा मानूस? उद्या गावात नाव माह्यं निघन." तिने घरून पुडी आणलीच होती. आमच्या शेतातल्या मिरचीचं, संक्रांतीला कांडलेलं तिखट. साहेबांनी जितक्या मुठी टाकल्या होत्या तितक्याच तिने टाकल्या. पाहुण्याच्या मापाचा मान राखला. रहीमचाचा म्हणाले, "भाभीजी, अब ये खाना नहीं, कवायत है." पण ढवळून घेतलं.

साहेब लोक टेबलाला बसले. टेबल शाळेतून आणलं होतं, त्यावर शाईचे डाग आणि डागांवर चादर. गावातले मानकरी खाली जाजमावर. डिप्टी कमिशनर साहेबांनी जाड कागद वाचला, भुवई वर केली आणि पहिला घास घेण्याआधी इस्तवान साहेबांना विचारलं, या शाही पदार्थाच्या नावाचा अर्थ काय? इस्तवान साहेब उभे राहिले. बरंच बोलले. डिप्टी साहेब मोठ्याने हसले आणि अण्णांकडे वळून म्हणाले, हे सगळ्यांना त्यांच्या भाषेत सांगा.

अण्णा उभे राहिले. त्यांनी भावाकडे पाहिलं. मला आजही तो क्षण त्यांच्या धोतराच्या सोग्यासकट दिसतो. ते सोग्याने हात पुसत होते आणि हात कोरडे होते. मग ते आमच्या साध्या वऱ्हाडीत, साखरेचा कण न घालता बोलले. "साहेब म्हनतात, हे राजाचं खानं नोहे. गुयाश म्हंजे ढोरकी. हे ढोरक्याचं कोरड्यास हाय. माहा आजा ढोरकी होता, म्हनतात. अन् आमच्या घरची रीत अशी का कढईतली पयली पळी ढोरक्याले. तुमच्या गावचा ढोरकी कुठी हाय? त्याले बलवा."

मोठ्या बाबांचा चेहरा फळ्यावरच्या मोकळ्या जागेसारखा झाला. डिप्टी साहेबांना भूक लागली होती. ते म्हणाले, बोलवा, लवकर. त्यांचे दोघे पट्टेवाले रानात धावले. आणि आमच्या गावाने नेहमीची चूक केली : साहेब बोलावतात एवढंच सांगितलं, कशाला ते सांगितलं नाही. इकडे वाट पाहवेना म्हणून डिप्टी साहेबांनी खायला सुरुवात केली. पहिला घास गेला. दुसरा गेला. मग त्यांचा चेहरा गळ्यापासून वर लाल होत गेला, पण जातिवंत साहेब, तोंडून अवाक्षर नाही. डोळ्यांतून मात्र धारा.

नेमका त्याच वेळी महादू आला. हातात काठी, मागे पट्टेवाले. त्याने टेबल पाहिलं, गोरे साहेब पाहिले, मालक पाहिले, आणि त्याला वाटलं आपली जेलची गाडी आली. काठी टाकून तो जमिनीवर आडवा झाला. "मायबाप, म्या कालवड नाही इकली! लेकराइची आन! बिबट्यानं नेली जी, म्या घाटी आनून देल्ली. पाडव्याले काढून राह्यले मले, आतापासूनच भाकर बंद केली. चार लेकरं हायेत. अकरा घरचं कोरड्यास सात तोंडाइले कसं पुरन?" सात म्हणजे त्याची आई धरून. डिप्टी साहेबांनी हाताने अण्णांना खुणावलं. अण्णांनी त्यांच्या कानाशी शब्दाला शब्द भाषांतर केलं, आणि साहेबांच्या डोळ्यांतून आणखी पाणी आलं. रुमाल ओला झाला. ते बोलायला गेले, आवाज फुटेना.

जाजमावरच्या माणसांनी हे पाहिलं. मोठ्या बाबांनी पाहिलं. सरकार ढोरक्यासाठी रडत होतं! "बाप्पा, बाप्पा!" कुणीतरी पुटपुटलं. मोठे बाबा ताडकन उठले आणि पुढे होऊन महादूला स्वतः उठवलं. हे त्यांनी आयुष्यात आधी कुणासाठी केलं नव्हतं. "ऊठ बे महादू. कोन काढते तुले? काढाचं नावच नाही. अण्णा, सांग सायबाले, हा आमचा जुना मानूस हाय. जिता हाय तोवर गावाची ढोरं हाच राखन." अण्णांनी तेही जसंच्या तसं सांगितलं, आणि डिप्टी साहेबांनी, बोलता येत नसल्यामुळे, मान हलवली. झाडामागे मोठी आई पदर तोंडात कोंबून थरथरत होती. भीतीने की हसण्याने, ते तिने मला कधी सांगितलं नाही.

इस्तवान साहेबांनी पहिली पळी महादूला वाढली आणि स्वतः ताट घेऊन त्याच्यासमोर मातीत बसले. महादूने भाकर मोडली, बुडवली, सावकाश चावली. तिखटाने त्याला काहीही झालं नाही. सगळे बघत होते. इस्तवान साहेबांनी अण्णांकडून विचारलं, कसं झालंय?

महादूने विचार केला. "चांगलं हाय जी. पन एकाच घरचं लागते."

इस्तवान साहेबांना हे कळायला वेळ लागला. अण्णांना सगळी रीत समजावून सांगावी लागली. गंज, दारोदार, बत्तीस पळ्या. साहेबांनी ताट खाली ठेवलं. म्हणाले, ते मला खायचं आहे. आणि माझ्याकडे वळून, मुली, तू लिहितेस ना? कुठल्या घरचं काय पडतं त्याची यादी कर. मी आजवर जगभर त्या पदार्थाचा उगम सांगत फिरलो, पण होताना कधी पाहिला नाही.

त्या संध्याकाळी मी वही-पेन्सिल घेऊन गंगाबाईबरोबर फिरले. दिवस अजून मावळायचा होता. आमच्या घरापासून सुरुवात करायची रीत होती, म्हणून मी आकडा घातला, एक, आणि पुढे लिहिलं, देशमुख. गंगाबाई दारात उभी राहिली पण हाक मारेना. बऱ्याच दिवसांनी आली होती. शेवटी हळूच म्हणाली, "भाकर आना वं माय." मोठी आई आतून भाकर घेऊन आली. उंबऱ्याच्या आत थांबली. बैठकीत मोठे बाबा पडले होते, तिथून एक खोकला आला. दम्याचा नव्हे, दम्याचा खोकला आम्ही सगळे ओळखायचो. डिप्टी साहेबांच्या गाडीची धूळ अजून खाली बसली नव्हती. मोठी आई क्षणभर तशीच उभी राहिली आणि मग भाकर घेऊन आत गेली.

बाकीच्या एकतीस घरांनी त्या दिवशी हात सैल सोडून वाढलं. सरकारचे अश्रू सगळ्यांनी पाहिले होते. सोल्यांची भाजी, आलन, दोन ठिकाणची वेगवेगळी कढी, कुणी तर तूप सोडलेलं वरण. मी सगळं लिहिलं. दिवेलागणीला इस्तवान साहेब महादूच्या अंगणात मांडी घालून जेवले आणि दोनदा मागून घेतलं. दुसऱ्या दिवशी दमणीचा आख दुरुस्त झाला. जाताना त्यांनी माझ्या वहीत आपला पत्ता लिहिला आणि म्हणाले, यादी पुरी झाली की पाठव.

महादू पुढे एकोणीस वर्षं गावाची ढोरं राखत होता. आमच्या घरची भाकर पाडव्याला पुन्हा सुरू झाली. 'रावसाहेब' आलं नाही. फळा तसाच उतरवला गेला. अण्णांना मोठ्या बाबांनी पुन्हा कधी दुभाषी म्हणून नेलं नाही, आणि अण्णा त्याबद्दल जेवताना कधीकधी एकटेच हसत. पाडव्यानंतर मी गंगाबाईला म्हटलं, पहिली ओळ सांग, आमच्या घरचं काय लिहू? ती टोपली सावरत म्हणाली, "त्या दिवसाचं म्हंतं का, कुसूबाई? त्या दिवशी तं काईच नव्हतं. जे नव्हतं ते काय लिवतं?"

पुढे युरोपात लढाई पेटली, तो पत्ता कुठल्या देशात राहिला कोण जाणे. दरवर्षी नव्या वहीत कामांची यादी करताना मी पहिल्या पानावर ती यादी पाठवायचं काम लिहिते, आणि वर्षाअखेर पुढच्या वहीत उतरवून घेते. बाकीची कामं मी वेळेवर करते. वसतिगृहातल्या मुली याची साक्ष देतील. जुनी वही मी आज पुन्हा काढली होती. गंज, आलन, कढी, सगळं जागच्या जागी आहे. त्या संध्याकाळी आमच्या घरच्या भाकरींची टोपली माझ्यापासून चार पावलांवर, ओसरीत होती. मोठी आई आत गेली, मोठे बाबा पडलेले, मला कुणी अडवलं नसतं. माझे दोन्ही हात मोकळे नव्हते. एकात वही होती, दुसऱ्यात पेन्सिल.

इस्तवान साहेबांस यादी पाठवणे. क्रमांक दोन ते बत्तीस तयार. क्रमांक एक, देशमुख :